निळ्या काठाचा पेला

माझे काका लोकांचे दात करायचे. दातांचे डॉक्टर नव्हेत हं. डॉक्टर तोंडाचा साचा घेऊन पाठवणार आणि त्या साच्यावरून कवळी घडवणार ते काका. बाजारामागच्या गल्लीत त्यांची एक खोली होती. खिडकीपाशी उंच स्टूल, समोर गॅसची बारीक ज्योत, गुलाबी मेणाच्या पट्ट्या, आणि भिंतभर फळ्यांवर मांडलेली प्लास्टरची तोंडं. लहानपणी मला त्या खोलीत जायला नको वाटायचं. इतकी तोंडं आणि एकही बोलत नाही! काका मात्र त्यांच्यात मजेत असत. एखादं उचलून मला दाखवत. "हे बघ, हे गृहस्थ फक्त डाव्या बाजूनं चावतात. आणि या बाई झोपेत दात खातात. घरात कुणावर तरी राग असणार." तीच माणसं रस्त्यात भेटली तर काकांना ओळखू यायची नाहीत. हसली की मात्र लगेच ओळखत.

काकूही त्यांना आधी अशी प्लास्टरमध्येच भेटली. ऐन तरुणपणी जिन्यावरून पडून तिचे वरचे सगळे दात गेले होते. काकांनी कवळी करून पाठवली, आणि थोड्याच दिवसांत ती कवळी हातात घेऊन बाई स्वतः दारात हजर. तोंडावर रुमाल धरून म्हणाली, "दात छान आहेत, पण माझे नाहीत. माझा इथला एक जरा वाकडा होता. तो वाकडाच करून द्या." तोवर काकांकडे कुणी वाकडा दात मागितला नव्हता. त्यांनी तो करून दिला आणि वर्ष सरायच्या आत ते तिच्याशी लग्नही करून मोकळे झाले. आमच्या घरात तेव्हा मोठा विनोद झाला होता म्हणे, की लोक मुलगी बघायला जातात, यांनी घरबसल्या नुसती बत्तिशी बघून होकार कळवला.

वरच्या मजल्यावर ती दोघं, खाली आम्ही. त्यांना मूलबाळ झालं नाही. माझे आईवडील गेले, भाऊ परगावी गेला, आणि खाली मी एकटी उरले. दिवसभर बेकरीच्या गल्ल्यावर बसायचं आणि संध्याकाळी वर जाऊन चहा पीत त्या दोघांची भांडणं ऐकायची, हा माझा करमणुकीचा कार्यक्रम. भांडणाचे विषय दोनच होते. एक काकूचे टोमॅटो, दुसरा काकांची तंबाखू.

मागच्या बाल्कनीत रंगाच्या रिकाम्या डब्यांत काकू टोमॅटो लावायची. आता टोमॅटो सगळेच लावतात, पण काकूची तऱ्हा वेगळी होती. तिनं बी पेरलं ते एकदाच, लग्नाच्या पहिल्या वर्षी. त्यानंतर कधीच नाही. टोमॅटोच्या झाडाला, खोड आणि पान जिथं जुळतं तिथं बगलेत एक कोवळी फूट येते. लोक ती खुडून टाकून देतात, म्हणजे झाडाचा जोर फळाकडे जातो. काकूही खुडायची, पण टाकायची नाही. बोटाएवढी फूट झाली की अलगद मोडायची, खालची पानं काढायची आणि पाण्याच्या बरणीत उभी करून स्वयंपाकघराच्या खिडकीत सावलीला ठेवायची. पहिल्या दिवशी ती मान टाकायची. दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी ताठ व्हायची. मग दांड्यावर पांढरे बारीक फोड यायचे आणि आठवड्याभरात त्यांची मुळं लोंबू लागायची. ती फूट डब्यात लावायची, निम्मं खोड मातीत पुरून. जुनं झाड थकलं की नवं तयार असायचंच.

"नवं कसलं? तेच आहे ते," काकू म्हणायची. "बी लावलं असतं तर त्याचं लेकरू आलं असतं. ही फूट म्हणजे लेकरू नव्हे, ते झाडच आहे. फक्त पाय नवे." आणि मग आवाज बारीक करून सांगायची, "म्हणून तर वीतभर झालं नाही तोवर फुलावर येतं. मुळं नवी असली तरी अंगातलं वय जुनंच असतं ना. त्याला सगळं आठवत असतं." हे तिचं बोलणं ऐकून माझ्या अंगावर काटा यायचा. लग्नाच्या वर्षीचं झाड अजून बाल्कनीत उभं राहून यांची भांडणं ऐकतंय, ही कल्पना काही मला सुखाची वाटत नसे.

त्या खिडकीत बरण्यांच्या शेजारी एक काचेचा पेला असायचा, निळ्या काठाचा. त्यात काकूची कवळी. रात्री काढून ठेवायची आणि सकाळी स्वयंपाकघरात येऊन लावायची. पाहुण्यांसमोर मला लाज वाटायची. एका काचेत मुळं लोंबतायत आणि शेजारच्या काचेत दात हसतायत. ती दोघं बेफिकीर. काकांना तर उलट अभिमान, आपलंच काम ना ते!

तंबाखूचं म्हणाल, तर काम करताना काका ओठाखाली चिमूटभर धरत. काकूला ते खपायचं नाही, पण ती काकांच्या तब्येतीवरून बोलायची नाही. तिचं कारण निराळंच. "तंबाखूचे हात माझ्या झाडाला लावायचे नाहीत!"

"का? झाडाला काय व्यसन लागणार आहे?"

"मला माहीत नाही. माझी आई म्हणायची, लावायचे नाहीत. बस्स."

काका हसायचे. काकू बाल्कनीच्या दारात आडवी उभी राहायची, आणि साबणानं कोपरापर्यंत हात धुऊन दाखवल्याशिवाय त्यांना पाणीसुद्धा घालू द्यायची नाही. त्यांनी हात पुढं करावेत, तिनं हुंगून बघावेत आणि मग बाजूला सरावं, हे मी शेकडो वेळा पाहिलंय.

मग काकू आजारी पडली. दुखणं कळलं त्या दिवशी काकांनी तंबाखूची डबी गटारात फेकली. कुणी सांगितलं नव्हतं. देवाशी सौदा केल्यासारखं काहीतरी मनात असावं. सौदा काही जमला नाही. काकू हॉस्पिटलमध्ये गेली ती खाटेलाच खिळली. काका जेवणाचा डबा घेऊन जायचे आणि तसाच परत आणायचे. शेवटी शेवटी ती खात नव्हती, त्यामुळे कवळीचंही काम उरलं नव्हतं. निळ्या काठाचा पेला कवळीसकट खाटेशेजारच्या कपाटावर नुसताच असायचा.

एके दिवशी ती म्हणाली, "एक फूट आणा ना माझ्या झाडाची. इथं बघायला काहीच नाही."

काकांनी आयुष्यात पहिल्यांदा स्वतःच्या हातानं फूट खुडली आणि ओल्या रुमालात गुंडाळून नेली. मी सोबत होते. काकूनं डोळे बारीक करून विचारलं, "हात धुतले होते?"

"अगं, सोडली ना आता."

तिनं तरी त्यांचा हात ओढून हुंगला. मग पेल्यातली कवळी काढून कापसावर ठेवली आणि फूट त्या निळ्या काठाच्या पेल्यात उभी केली. त्यानंतर ती दोनच गोष्टी बोलायची. एक म्हणजे, फुटीला मुळं आली का. आणि दुसरी म्हणजे, "मला घरी न्या." काका दर वेळी म्हणायचे, "बरी हो, मग लगेच नेतो." दर वेळी तेच. मी बाहेर व्हरांड्यात जाऊन उभी राहायची, मला ते ऐकवत नसे.

ती बरी झाली नाही. तिचं सामान एका पिशवीत घालून आमच्या हातात दिलं. कपडे, चष्मा, कापसात गुंडाळलेली कवळी. पेला नव्हता. काका त्या पेल्यासाठी वॉर्डात असे काही भांडले की मला धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं असं झालं. माणूस गेलंय आणि हे काचेच्या पेल्यासाठी सिस्टरच्या अंगावर धावतायत! मी त्यांना अक्षरशः ओढत बाहेर आणलं. कवळी त्यांनी कामाच्या खोलीत नेली आणि फळीवरच्या तिच्या प्लास्टरवर बसवून ठेवली. वाकड्या दातासकट.

घरी बाल्कनीतलं झाड उभंच होतं. काकांनी त्याचा ताबा घेतला. ज्या माणसाला कधी कोथिंबीर निवडता आली नाही तो फुटी खुडायला शिकला, बरण्यांचं पाणी बदलायला शिकला. मेणात बारीक काम केलेली बोटं, त्यांना ते जमलंही. एक झाड थकायच्या आत दुसरं तयार. मी एकदा सहज म्हटलं, "काका, एखादी मिरची लावा की बदल म्हणून." त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं की मी उठून चहाचे कप विसळायला लागले. मग थोड्या वेळानं म्हणाले, "तिनं हात लावलेलं, अजून जिवंत असलेलं एवढंच आहे गं जगात. बाकी सगळं कपाटात आहे. हे गेलं की ती गेली."

आणि मग तो वास सुरू झाला.

टोमॅटोच्या पानाचा वास ज्यानं घेतलाय त्याला सांगायला नको. उग्र, हिरवा, बोटांना चिकटून राहणारा. काकूच्या उशीच्या अभ्र्यालाही तो असायचा. आता तो आतल्या खोलीत येऊ लागला. आतली खोली म्हणजे बाल्कनीपासून दोन दारं लांब, खिडकी कायम बंद. शेजारीण येऊन गेल्याचं सांगावं तसे काका मला सांगायचे, "आज आली होती. जरा वेळ थांबली."

मी काही भुताखेतांवर विश्वास ठेवणाऱ्यांतली नाही. म्हटलं, "तुमच्याच हाताला वास असेल."

"हुंग."

मी हुंगले. प्लास्टरचा वास होता आणि त्याखाली काहीतरी सुकं, तपकिरी. टोमॅटोचा अजिबात नव्हता. बोलताना तोंडाला लवंगेच्या तेलाचा वास येत होता. दातांचं काम करणाऱ्याच्या तोंडाला लवंगेचा वास, त्यात विशेष ते काय? मी विषय सोडून दिला.

मग एका संध्याकाळी मलाच तो आला. मी आतल्या खोलीत पलंगावर बसून चहा पीत होते. काका खुर्चीत, माझ्यापुढे, पेपर वाचत. वास दाराशी आला. खोटं सांगत नाही, आधी दाराशी आला, मग माझ्यासमोरून गेला, आणि काकांच्या खुर्चीपाशी थांबला. इतका ताजा, की कुणीतरी नुकतीच फूट मोडून हातात धरली असावी. मी कप खाली ठेवून दिला. काकांनी पेपर खाली घेतला, घाईघाईनं काहीतरी गिळलं आणि त्यांना असा ठसका लागला की डोळ्यांत पाणी आलं. चेहरा लालबुंद. मी पाणी दिलं. मला वाटलं, घाबरले बिचारे. त्या दिवसापासून दिवेलागणीनंतर वर जायचं मी टाळू लागले.

त्याच सुमारास झाडाचं काहीतरी बिनसलं. पानांवर फिकट आणि गडद हिरवे डाग पडले, एकाच पानात दोन रंग. मग नवी पानं रुंद व्हायची सोडून दोऱ्यासारखी बारीक, पिळलेली येऊ लागली. फळं लागली ती चार, आणि त्यांच्या आत तपकिरी चट्टे. काकांनी जिवाचं रान केलं. माती बदलली, डबा बदलला, जागा बदलली. सगळ्यांत चांगल्या फांदीची फूट काढून पाण्यात लावली. तिला मुळं आली, पानंही आली, आणि ती तशीच पिळलेली, डागाळलेली आली. मग तिसरी, मग चौथी. दर फूट आधीच्यापेक्षा खुरटी. काका स्वतःही वाळत चालले. कामाच्या खोलीत जाणं जवळजवळ बंद, दिवसभर बाल्कनीत बसून त्या पानांवरून बोट फिरवत. एकदा मला म्हणाले, "पुन्हा तेच चाललंय गं. पुन्हा डोळ्यांदेखत चाललीय, आणि मी नुसता बसलोय."

ते ऐकल्यावर मात्र मी उठले. दुसऱ्या दिवशी एक पान प्लॅस्टिकच्या पिशवीत बांधलं आणि बस डेपोच्या पलीकडे रोपांची नर्सरी आहे तिथं गेले. नर्सरीवाली बाई फाटकापाशीच रोपांना पाणी घालत होती. पिशवी पाहताच ओरडली, "आत आणू नका! तिथंच थांबा!" महामारीच घेऊन आल्यासारखी ती माझ्याकडे बघत होती. लांबूनच पान पाहिलं आणि तिनं भलताच प्रश्न विचारला. "घरात तंबाखू कोण खातं?"

"कुणीच नाही."

"ओढत असेल कुणीतरी."

"नाही हो. काका खायचे पूर्वी, काकू होती तेव्हा. तिच्या आजारपणात सोडली."

तिनं माझ्याकडे पाहिलं, आणि मग लहान मुलाला समजवावं तसं सांगितलं. हा रोग तंबाखूच्या झाडाचाही असतो. पान सुकवलं, चुरलं, डबीत भरलं तरी तो त्यात टिकून राहतो. खाणाऱ्याच्या बोटांना लागतो आणि तीच बोटं टोमॅटोला लागली की झाडात शिरतो. एकदा रसात शिरला की त्या झाडाची कुठलीही फूट घ्या, रोग सोबत येणारच, कारण फूट म्हणजे तेच झाड. "औषध नाही याला. सगळं उपटून जाळा. डबे घासून घ्या. हातांना साबण लावा, दूध लावा, आणि त्या मातीत पुन्हा टोमॅटो नको," ती म्हणाली. मी निघाले तेव्हा मागून हाक मारून म्हणाली, "आजार लागायच्या आधी कुणाला फूट दिली असेल तर तिथं बघा. ती चांगली असेल."

परत येताना बसमध्ये माझ्या मनात पाल चुकचुकत होती. प्लास्टरखालचा तो सुका तपकिरी वास. लवंगेचं तेल. तो ठसका. मी घरी न जाता तडक कामाच्या खोलीत गेले. नशिबानं काका तिथंच होते. मी दारात उभी राहूनच सगळं सांगितलं, एका दमात. सांगताना मला राग येत होता आणि कुणाचा येतोय ते कळत नव्हतं.

काकांची दातखीळ बसली. मग ते स्टुलावरून उठले, फळीवरचं एक प्लास्टरचं तोंड, त्या डाव्या बाजूनं चावणाऱ्या गृहस्थांचं, बाजूला केलं आणि त्याच्यामागून डबी काढून टेबलावर ठेवली.

"ती गेल्यावर राहवेना," ते म्हणाले. "म्हटलं, एक चिमूट. इथंच, घरात नाही. मग घरातही. घरी जायच्या आधी लवंगेच्या तेलानं तोंड धुवायचो, तिला वास येऊ नये म्हणून."

"काका, ती गेली होती."

"रोज यायची की! तुलाही आला होता ना वास?" ते स्वतःच्या तळहातांकडे बघत होते. "तोंड धुवायचो गं. आणि हे हात असेच घेऊन तिच्याकडे जायचो. रोज. पानांवरून फिरवायचो." त्यांनी हात पाठीमागं घेतले. "मला वाटायचं, ती मला बघायला येते. बघायला नव्हती येत. ओरडायला येत होती. दारात आडवी उभी राहत होती, आणि मी आपला 'आली, आली' म्हणून खूश."

मला त्यांना जवळ घ्यायचं होतं. पण ते हात मागं बांधून उभे होते आणि मला जवळ येऊ देईनात.

झाडं त्यांनी स्वतः उपटली. बरण्यांतल्या फुटीसुद्धा. मागच्या अंगणात पत्र्याच्या पिंपात सगळं घातलं. ओलं हिरवं ते, धड पेट घेईना. नुसता धूर, आणि त्या धुरात तोच वास, सगळ्या घरभर, खाली माझ्या खोलीतसुद्धा. काका पिंपाजवळून हलले नाहीत. डबे घासून उन्हात पालथे घातले, हात साबणानं धुतले, मग दुधानं, मग पुन्हा साबणानं. डबी पिंपात टाकली होतीच.

त्यानंतर वास आला नाही. काका आतल्या खोलीत खुर्ची दाराकडे तोंड करून ठेवायचे आणि रोज संध्याकाळी वाट बघत बसायचे. आता हात स्वच्छ होते, तोंड स्वच्छ होतं, लपवायला काही नव्हतं, आणि ती यायची थांबली. मी पुन्हा वर जाऊन बसू लागले. पूर्वी तो वास येईल म्हणून मला भीती वाटायची. आता येत नाही म्हणून मीही दाराकडेच बघत बसायची.

एका संध्याकाळी खिडकीतल्या रिकाम्या बरण्या मी धुऊन ठेवत होते, आणि माझ्या हातातली बरणी तशीच राहिली. आजार लागायच्या आधीची फूट. दिली असणार की! आम्ही नव्हे, काकूनं, हॉस्पिटलात कुणालातरी, पेल्यासकट. पेला हरवला नव्हता. फूट असलेला पेला कोण कशाला हरवेल?

हॉस्पिटलपर्यंत आम्ही चालत गेलो. रस्ता ओलांडताना काका नेहमी माझा हात धरतात, तसा धरला होता. वॉर्ड तोच, रंग नवा. खाटांच्या चादरी बदलणाऱ्या एक आयाबाई आमच्याकडे वळून बघायला लागल्या. मी काही विचारायच्या आधी त्याच म्हणाल्या, "कवळीवाल्या बाईंचे मिस्टर ना तुम्ही? पेल्यावरून भांडला होता ते?"

काका मान खाली घालून म्हणाले, "हो."

"मी त्या दिवशी सुट्टीवर होते. मागाहून कळलं मला. पेला माझ्याकडे आहे. चोरला नाही हं, बाईंनीच दिला, आदल्या दिवशी." त्यांनी हातातली चादर झटकली. "मुळं आली होती चांगली. म्हणाल्या, मला काही घरी नेत नाहीत, हिला तरी घरी न्या."

काकांनी भिंतीला हात टेकला. आयाबाईंना काय वाटलं कोण जाणे, त्यांनी हातातली चादर टाकली आणि म्हणाल्या, "चला, दाखवते. मागंच राहते मी."

हॉस्पिटलच्या मागे कामगारांच्या खोल्या होत्या. बाहेरून लोखंडी जिना. त्याच्या प्रत्येक वळणावर तेलाचे डबे, फुटक्या बादल्या, आणि सगळ्यांत टोमॅटो. गडद हिरवी रुंद पानं, पिवळी फुलं, लाल फळांचे घोस. एकही पान डागाळलेलं नाही. आयाबाईंनीही दर वेळी फूटच लावली होती. "बाईंनी सांगितलं होतं, बी नको, फूट लावा म्हणून," त्या म्हणाल्या. आणि वरच्या दाराशेजारच्या खिडकीत निळ्या काठाचा पेला, त्यात एक फूट, पांढऱ्या मुळांसकट. वाऱ्याची झुळूक आली आणि तो वास जिन्यावरून खाली आमच्या अंगावर आला.

मी वर पोहोचले. काका दोन पायऱ्या खालीच थांबले होते. दोन्ही हात पाठीमागं, एका हातानं दुसरं मनगट घट्ट धरलेलं.

आयाबाईंनी पेल्यातली फूट काढली, मुळांभोवती ओलं फडकं गुंडाळलं आणि पुढं केली. "घ्या. तुमचीच आहे."

काकांनी हात पुढं केले नाहीत.

"आता सोडलीय तुम्ही. धुतलेत हात," मी हळूच म्हटलं.

"मागंही सोडलीच होती," ते म्हणाले. मग आयाबाईंकडे बघून म्हणाले, "बरी हो, मग नेतो, असं म्हणायचो मी तिला. इथं बरी आहे ती. राहू दे इथंच."

"अहो, खूप आहेत माझ्याकडे. एक न्या की."

"नको. पेला पण राहू दे. तिचाच आहे."

आयाबाईंनी फूट पुन्हा पेल्यात ठेवली. खाली रुग्णांचे नातेवाईक डबे घेऊन जात-येत होते. काका त्या झाडांकडे बघत होते, अगदी जवळच्या पानापासून हातभर अंतर ठेवून. मग त्यांनी मला हाक मारली.

"एवढं कर. एक पान जरा चोळ. मोडू नकोस, नुसतं चोळ." आणि मी हात पुढं केला तोच म्हणाले, "थांब. धुतलेस?"

मी आयाबाईंच्या मोरीत जाऊन साबणानं कोपरापर्यंत हात धुऊन आले. मग एक पान बोटांत धरून चोळलं, दोन पायऱ्या उतरले आणि बोटं त्यांच्या नाकापुढं धरली. त्यांनी डोळे मिटले. हात पाठीमागंच होते. एकदा हुंगलं, मग पुन्हा.

"हो," ते म्हणाले. "तीच."

घरी येताना मोठा रस्ता लागला तेव्हा मी सवयीनं हात पुढं केला. बोटांना अजून हिरवा डाग होता. काका त्या हाताकडे बघत क्षणभर थांबले, वळसा घालून माझ्या दुसऱ्या बाजूला आले, आणि तो दुसरा हात धरून त्यांनी रस्ता ओलांडला.